नव्वद घनफूट

पहाटे ४:१०
मोसम पुलाजवळची टपरी उघडी आहे. पलीकडच्या गल्ल्यांतून यंत्रमागांची खटखट येतेय. मालेगावात हा आवाज रात्रीही थांबत नाही. जानेवारीची पंचवीस तारीख, थंडी कडाक्याची. भाऊसाहेबांनी कानटोपी घातलीय, वर मफलर. भाऊसाहेब म्हणजे तलाठी. २०२४ पासून कागदावर पदाचं नाव ‘ग्राम महसूल अधिकारी’ झालं, पण गावात त्यांना अजून सगळे तलाठीच म्हणतात. सोबत कोतवाल नाना. वय पंचावन्नच्या पुढे, मानधन पंधरा-सोळा हजार, हातात तीन सेलची बॅटरी.

पिशवीत काय काय आहे ते मी विचारतो. मोजपट्टी, पंचनाम्याचे कोरे कागद, कार्बन, दोन पेनं, शाईचा पॅड, बिस्किटाचा पुडा. काल दोन लिटर पेट्रोल टाकलं, दोनशे दहा रुपये. मोटारसायकल स्वतःची. हा खर्च ते एका छोट्या वहीत लिहितात. परत मिळायचं नक्की नसतं, तरी लिहितात.

चहा अर्धाच होतो. नाना ग्लास ठेवून म्हणतात, “चला लवकर. तो बघा, फोन काढला त्याने.” रस्त्यापलीकडे एक पोरगा दुचाकीवर बसलाय. नुसतं बसायचे त्याला रात्रीचे पाचशे मिळतात, असं नाना सांगतात. महसूलची गाडी निघाली की नदीत कळवायचं, एवढंच काम. याला इकडे ‘लोकेशन देणं’ म्हणतात.

पहाटे ५:०५
गिरणेचं पात्र. गावाचं नाव लिहीत नाही, तिथे माणसांना राहायचंय. हेडलाइट बंद करून शेवटचा अर्धा किलोमीटर चालत आलो. पोरग्याचा फोन पोचलेला आहे. दोन ट्रॉल्या निघून गेल्यात, ओल्या वाळूत चाकांचे ताजे माग आहेत. तिसरी रुतलीय. ड्रायव्हर चावी घेऊन पळाला. भरणारे चौघे होते, त्यातले तिघे अंधारात गेले.

चौथा गेला नाही. साठीचा माणूस. गुडघे धरून ट्रॉलीच्या आडोशाला बसलाय. पाय थंडीने पांढरे पडलेत. पाण्याखालची वाळू घमेल्याने काढायची, चाळणीवर टाकायची, गोटे बाजूला करायचे, मग फावड्याने ट्रॉलीत. एक ट्रॉली चौघांना दीड तास पुरते. माणशी दोनशे. रात्रीत दोन झाल्या तर चारशे.

“दिवसा कांदे लावायला का जात नाही?” भाऊसाहेब विचारतात.

“दिवसा बी जातो,” तो म्हणतो.

भाऊसाहेब त्याला बिस्किटाचा पुडा देतात. नाव लिहून घेतात, मग पुढे काही विचारत नाहीत.

पहाटे ५:४०
मोजणी. नाना बॅटरी धरतात, मी पट्टीचं एक टोक. लांबी दहा फूट, रुंदी सहा, वाळूची उंची दीड. नव्वद घनफूट. ब्रास म्हणजे शंभर. म्हणजे पाऊण ब्रासच्या वर, एकाला थोडी कमी. गावात हीच ट्रॉली पाच हजाराला जाते. सरकारचं स्वामित्वधन ब्रासला सहाशे. ते भरलेलं नाही, वाहतूक पास नाही, आणि सूर्य उगवायच्या आत नदीत उतरायला बंदी आहे. दंड वाळूच्या किमतीच्या पाचपट, वर ट्रॅक्टरचा एक लाख.

आता पंच हवेत. पंचनाम्याला दोन माणसं लागतात, ज्यांनी डोळ्यांनी पाहिलं आणि खाली सही केली. नाना वरच्या वस्तीवर जाऊन येतात. तीन दारं वाजवली. पहिलं उघडलंच नाही. दुसऱ्या घरातल्या माणसाने दार उघडून सांगितलं, “माले काहीच माहीत नही, भाऊ.” त्याला अजून कुणी काही विचारलंही नव्हतं. तिसऱ्या घरी एक म्हातारी ओट्यावर उभी होती. तिने नुसतं नदीकडे पाहिलं आणि आत गेली.

शेवटी ग्रामपंचायतीचा पाणी सोडणारा शिपाई आणि शेजारच्या सजेचा कोतवाल यांच्या सह्या होतात. भाऊसाहेब कार्बन नीट बसवून लिहितात. बोटं आखडलीत. मधेच हात काखेत घालतात, परत लिहितात.

“दोन्ही पंच सरकारी,” ते म्हणतात. “उद्या वकील पहिलं हेच विचारील. गावातलं कुणीच नव्हतं का?”

सकाळी ७:२०
ट्रॅक्टर तहसीलला न्यायचाय. चावी नाही. नानांच्या खिशात चार जुन्या चाव्या आहेत, तिसरी लागते. चालवायला ग्रामपंचायतीच्या टँकरचा ड्रायव्हर बोलावला. पाचशे रुपये, भाऊसाहेबांच्या खिशातून. त्याची अट एकच, की गावातून जाताना तोंडाला रुमाल बांधणार. सगळं गाव त्याला चालीवरून ओळखतं, तरी तो रुमाल बांधतो.

सकाळी ९:३०
तहसीलचं आवार. भिंतीकडेला जप्त ट्रॅक्टर-ट्रॉल्या रांगेत उभ्या आहेत. काहींच्या टायरांतून गवत आलंय. एका ट्रॉलीतल्या वाळूत रुईचं झाड उगवलंय, गुडघाभर. दंड भरला नाही की लिलाव निघतो. बोली लावायला माणूस येत नाही. ट्रॅक्टर कुणाचा ते सगळ्यांना ठाऊक असतं, आणि जो घेईल त्याला त्याच रस्त्याने घरी जायचं असतं.

मी हे दृश्य पाहत उभा असताना मला सिसिली आठवली. इटलीच्या दक्षिणेचं बेट, माफिया हा शब्द जिथून जगभर गेला. तिथेही हेच होत होतं. पिओ ला तोर्रे नावाचा तिथला एक खासदार कायदा मागत होता, की टोळीची मालमत्ताच काढून घ्या, तुरुंगाला ही माणसं भीत नाहीत. ३० एप्रिल १९८२ ला पालेर्मोत त्याला गाडीत गोळ्या घातल्या. सप्टेंबरात पोलीस जनरल दाल्ला किएझाला मारलं, त्यानंतर मात्र काही दिवसांतच तो कायदा झाला. जमिनी जप्त झाल्या. त्या कसायला कुणी पुढे येईना. १९९६ मध्ये दुसरा कायदा आला, की अशा जमिनी लोकांच्या उपयोगाला द्या. कोर्लेओने परिसरात तरुणांची सहकारी संस्था उभी राहिली. तिला प्लासिदो रिझ्झोत्तोचं नाव दिलं. शेतमजुरांसाठी लढणाऱ्या या माणसाला १९४८ मध्ये माफियाने मारलं होतं. आज त्या जमिनीवरचा गहू आणि द्राक्षं बाजारात विकली जातात, पाकिटावर लिहिलेलं असतं की ही जमीन कोणाकडून सुटली.

नाना ऐकतात आणि रुईच्या झाडाकडे बघतात. “आपल्याकडे निदान हे तरी उगवलं,” असं म्हणून हाताने त्याच्या बुंध्याची वाळू सारखी करतात.

सकाळी ११:००
राष्ट्रीय मतदार दिवस. सगळे कर्मचारी उभे राहून शपथ घेतात. उद्या झेंडावंदन, म्हणून खुर्च्या मोजल्या जातायत, चुन्याच्या रेघा मारल्या जातायत. हा मतदार दिवस पहिल्यांदा साजरा झाला तो २५ जानेवारी २०११ ला.

त्याच दिवशी दुपारी मालेगावचे अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे गेले.

मी भाऊसाहेबांकडे पाहतो. ते शपथ संपल्यावरही जरा वेळ उभेच राहतात.

दुपारी १:१५
डबा. बाजरीची भाकरी, वांग्याची भाजी, ठेचा. नानांनी कांदा बुक्कीने फोडला.

भाऊसाहेब २०११ मध्ये तलाठी नव्हते. परीक्षेचा अभ्यास करत होते. बातमी टीव्हीवर लागली तेव्हा आई चुलीपुढे होती. ती म्हणाली, तो फॉर्म भरू नको. त्यांनी भरला.

काय झालं होतं ते ते सांगतात, सावकाश, भाकरी मोडत. मनमाडजवळ पानेवाडीला तेल कंपन्यांचे डेपो आहेत. तिथून टँकर भरून निघतात. तेव्हा रेशनचं निळं रॉकेल लिटरला बाराच्या आसपास होतं आणि डिझेल चाळीसच्या पुढे. टँकर ढाब्याच्या आडोशाला लावायचा, थोडं तेल काढून घ्यायचं, तेवढंच रॉकेल आत ओतायचं. एका लिटरमागे अठ्ठावीसच्या आसपास रुपये. माणूस घाम न गाळता श्रीमंत होतो तो असा. सोनवणे त्या रस्त्याने जात होते. त्यांना हा प्रकार दिसला. ते उतरले आणि मोबाइलवर चित्रण करू लागले. त्यांच्यावर रॉकेल ओतून त्यांना पेटवलं. भरदुपारी, वाहत्या रस्त्यालगत. मुख्य आरोपी त्याच आगीत भाजला आणि काही दिवसांत मेला. दोन दिवसांनी राज्यातले सतरा लाख सरकारी कर्मचारी काम बंद करून बसले. राज्यभर छापे पडले. तपास पुढे सीबीआयकडे गेला.

“एक अपर जिल्हाधिकारी,” भाऊसाहेब म्हणतात. “आमच्या वरच्याच्या वरचे. त्यांच्या हातात काय होतं? मोबाइल.”

पाच वर्षं आधी, नोव्हेंबर २००५ मध्ये, उत्तर प्रदेशात लखीमपूर खेरीला इंडियन ऑइलचा तरुण अधिकारी षण्मुगम मंजुनाथ याला मारलं होतं. भेसळीचा पंप त्याने बंद करायला लावला होता. तेही हेच तेल.

आता टँकरला कुलूप असतं, तो कुठे थांबला ते दिसतं, आणि रेशनचं रॉकेल जवळजवळ बंदच झालंय. ते अठ्ठावीस रुपये गेले. नदीला मात्र कुलूप लावता येत नाही.

दुपारी ३:४०
पीक पाहणीसाठी शिवारात. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना बाया वाकून कांद्याची रोपं लावतायत. हा कसमादेचा पट्टा, कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा. कांदा आणि डाळिंब. एका बागेत थांबतो. शेतकऱ्याने फळांना कागद गुंडाळलेत. बांधावर लोखंडी पलंग, त्यावर गोधडी, बॅटरी, काठी. राखणदाराचा संसार. गेल्या वर्षी एका रात्रीत चोवीस क्रेट गेले, क्रेटला वीस किलो. तेव्हापासून माणूस ठेवलाय, महिना बारा हजार.

नाना पलंगावर टेकतात. आणि सकाळपासून मनात असलेलं विचारतात. “पेपरात रोज येतं, वाळूमाफिया, भूमाफिया, टँकरमाफिया. हा माफिया मूळचा कोण?”

मी त्या पलंगाकडे बोट दाखवतो. मूळचा तो राखणदार.

पालेर्मोभोवती लिंबाच्या बागा होत्या. दीडशे वर्षांपूर्वी तिथलं लिंबू लंडनला, न्यूयॉर्कला जहाजाने जाई. भाव इतका की एक बाग म्हणजे सोन्याची खाण. पण लिंबाला पाणी लागतं, भिंत लागते, आणि एका रात्रीत बाग रिकामी होऊ शकते. म्हणून राखणदार. १८७२ मध्ये गास्पारे गालाती नावाच्या एका डॉक्टरच्या ताब्यात अशी बाग आली. राखणदार विक्रीतला वीस-पंचवीस टक्के आपणच ठेवायचा, आणि वर झाडावरची फळंही चोरून बागेचं नाव घालवायचा. हेतू असा, की मालक कंटाळून बाग कवडीमोलाने सोडेल. डॉक्टरने त्याला काढलं, नवा माणूस ठेवला. नव्या माणसाला पाठीत गोळ्या घातल्या. त्याच्या जागी आणखी एक ठेवला, त्यालाही गोळ्या घातल्या. डॉक्टर पोलिसांकडे गेला, नावं दिली. काही झालं नाही. १८७५ मध्ये तो बायको-मुलींना घेऊन घरदार टाकून नेपल्सला गेला आणि तिथून सरकारला सगळं लिहून कळवलं.

बागायतदार ऐकत होता. तो एका फळाचा कागद सोडतो, बघतो, परत गुंडाळतो.

“आमचा राखणदार मेव्हण्याचा पोरगा आहे,” तो म्हणतो. मग जरा थांबून, “चांगला आहे पोरगा.”

संध्याकाळी ६:२५
भाऊसाहेबांचा फोन वाजतो. सकाळपासून अनोळखी नंबर चार आले, ते त्यांनी उचलले नाहीत. हा उचलतात. मामा आहेत.

मामा आधी आईच्या गुडघ्याचं विचारतात. मग कांद्याचं. मग म्हणतात, तो ट्रॅक्टर आपल्यातल्याच माणसाचा आहे रे. हप्ते फिटायचेत त्याचे. पोरीचं लग्न आहे मार्चमध्ये. बघ काही जमतं का.

धमकी नाही. आवाज चढलेला नाही. भाऊसाहेब “हो मामा, नाही मामा” करत राहतात. फोन ठेवल्यावर कपाळ पुसतात. म्हणतात, “शिवी दिली असती तर बरं झालं असतं.”

हे ऐकताना मला फार वाईट वाटलं, कारण टोळ्यांची टिकून राहण्याची सगळी युक्ती यातच आहे. आज इटलीत सिसिलीच्या टोळ्यांपेक्षा कलाब्रियाची न्द्रांगेता ही टोळी जास्त ताकदवान मानतात. कारण ती घराण्यांवर उभी आहे. बाप, मुलगे, भाचे, जावई. दोन घरांत लग्न लावून भांडण मिटवायचं, लग्नानेच धंदा जोडायचा. पोलिसांपुढे तोंड उघडायचं म्हणजे सख्ख्या भावावर साक्ष द्यायची. सिसिलीतही तेच. तिथल्या टोळीचा म्होरक्या बर्नार्दो प्रोव्हेन्झानो ४३ वर्षं फरार होता. २००६ च्या एप्रिलमध्ये सापडला तो स्वतःच्या कोर्लेओने गावाजवळच, एका शेतघरात. टाइप केलेल्या चिठ्ठ्या पाठवून कारभार चालवायचा. पोलिसांनी माग काढला तो घरून जाणाऱ्या धुतलेल्या कपड्यांच्या गाठोड्याचा. तिथलाच दुसरा म्होरक्या मात्तेओ मेस्सिना देनारो ३० वर्षं फरार होता. जानेवारी २०२३ मध्ये पालेर्मोच्या दवाखान्याबाहेर धरला, दुसऱ्याच्या नावावर उपचार घेत होता. इतकी वर्षं हे लोक लपले कुठे, तर ओळखीच्या माणसांत.

भाऊसाहेब वहीत खर्च मांडतात. पेट्रोल २१०, ड्रायव्हर ५००, चहा ६०, झेरॉक्स २४. बेरीज ७९४.

रात्री ८:१०
परत त्याच वस्तीवर. नानांना दुपारी निरोप आला होता, ओट्यावरच्या आजीचा. एकटे या, गाडी लांब लावा.

आजीचं शेत नदीला लागून आहे. विहीर साठ फूट. पूर्वी उन्हाळ्यातही मोट बुडायची, असं ती सांगते. पात्रातली वाळू गेली तसं विहिरीचं पाणी गेलं. गेल्या पावसाळ्यात काठ ढासळला आणि बांधावरची दोन लिंबाची झाडं वाहून गेली. तिने पहाटे सगळं पाहिलं होतं. किती ट्रॉल्या, कोण ड्रायव्हर, कोणाच्या घरून फावडी निघतात. पंचनाम्यावर आता तिचं नाव येऊ शकत नाही, ती वेळ गेली. पण जबाब देता येतो.

घरात एक बल्ब. मुलगा गावात गेलाय, तो यायच्या आत उरकायचंय. भाऊसाहेब मांडी घालून बसतात, मांडीवर पाटी, पाटीवर कागद. ती अहिराणीत बोलते, ते तसंच लिहून घेतात, मग वाचून दाखवतात. एके ठिकाणी ती थांबवते. “तीन ट्रॉल्या नही. चार. एक तुमना आधी गयी.” ते खोडतात, चार करतात, शेजारी आपली छोटी सही.

१९८४ च्या उन्हाळ्यात रोममध्ये जज्ज जोव्हान्नी फाल्कोने असाच बसला होता. समोर तोमासो बुशेत्ता, सिसिलीच्या टोळीतलाच माणूस, ज्याची दोन मुलं टोळीनेच मारली होती. तो बोलत गेला आणि फाल्कोने स्वतःच्या हाताने लिहीत गेला, आठवड्यामागून आठवडे. त्या कागदांवर खटला उभा राहिला. १९८६ मध्ये तो सुरू झाला, पालेर्मोच्या तुरुंगाला लागून त्यासाठी मुद्दाम बांधलेल्या काँक्रीटच्या न्यायालयात, आरोपी साडेचारशेच्या वर. जानेवारी १९९२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम केल्या. त्याच वर्षी २३ मेला फाल्कोने, त्याची बायको आणि तीन अंगरक्षक महामार्गाखाली पेरलेल्या स्फोटकांनी मेले. ५७ दिवसांनी त्याचा सोबती पाओलो बोर्सेलिनो. ते लिहिलेले कागद मात्र उरले.

हे मी त्या घरात बोललो नाही. तिथे बोलायची गोष्ट नव्हती ती.

रात्री ९:०५
जबाब दीड पान झाला. भाऊसाहेब खाली जागा सोडतात.

“माले लिव्हता येत नही. आंगठा चाली का?”

“चालतो, आजी.”

पिशवीतून शाईचा पॅड निघतो. पॅड सुकलाय. नाना तांब्यातलं दोन थेंब पाणी टाकतात. भाऊसाहेब तिचा अंगठा धरून पॅडवर फिरवतात, डावीकडून उजवीकडे, मग कागदावर दाबतात. रेषा पुसट येतात. आयुष्यभर निंदणी-खुरपणी केलेला अंगठा, त्यावर रेषा फार उरलेल्या नाहीत. दुसऱ्यांदा घ्यावा लागतो. दुसरा बरा उठतो.

“पोरले सांगू नको,” ती म्हणते.

आजी अंगठ्याची शाई डोक्याच्या केसांना पुसते आणि पदर वर घेते. नाना बाहेर जाऊन रस्ता बघून येतात. भाऊसाहेब कागदावर फुंकर मारत बसलेत, शाई वाळायची वाट बघत.